एकाच नदीकाठी सफरचंद पण आणि डाळिंब पण: वार्दारचं खोरं समजून घेऊया

आपल्या डोक्यात फळांचा एक नकाशा पक्का बसलेला असतो. सफरचंद म्हटलं की काश्मीर नाहीतर हिमाचल, डाळिंब म्हटलं की सांगोला-पंढरपूर नाहीतर सटाणा-मालेगाव, आणि या दोघांच्या मध्ये हजार-दीड हजार किलोमीटरचा प्रवास. आता युरोपच्या आग्नेय कोपऱ्यात, बाल्कनमध्ये, वार्दार नावाची नदी आहे. तिच्या उगमाकडच्या तेतोवोची सफरचंदं आणि पांढरा घेवडा प्रसिद्ध, आणि तीच नदी ग्रीसमध्ये शिरायच्या थोडं आधी ज्या वालांदोवो-गेवगेलिया पट्ट्यातून जाते तिथं डाळिंबं, अंजिरं, अगदी किवीसुद्धा. नदीची सगळी लांबी 388 किलोमीटर. आपल्या भीमेच्या निम्मीसुद्धा नाही.

एवढ्याशा नदीकाठी एवढा फरक पडतो कसा हा प्रश्न घेऊन मी वाचायला बसलो आणि हळूहळू लक्षात आलं की तिथला वारा, तिथलं धुकं, भूकंप, भातशेती, लढाया, रेल्वे, सगळं शेवटी एकाच गोष्टीला जाऊन टेकतंय, ती म्हणजे त्या खोऱ्याचा आकार. तो आकार एकदा डोळ्यापुढे आला की बाकीचं आपोआप उलगडतं, म्हणून आधी तेच बघू.

पण त्याआधी जागा. मदर तेरेसांचा जन्म 26 ऑगस्ट 1910 ला स्कोप्ये नावाच्या गावात झाला, तेव्हा ते तुर्कांच्या ऑटोमन साम्राज्यात होतं, पुढे युगोस्लाव्हियात गेलं आणि आज ती उत्तर मॅसेडोनियाची राजधानी आहे (देशाच्या नावात ‘उत्तर’ 2019 साली लागलं). त्या शहराच्या मधोमध वार्दार वाहते. हा देश आकारानं आपल्या दीडेक जिल्ह्याएवढा, आणि त्याची जवळजवळ 80 टक्के जमीन एकट्या वार्दारच्या पाणलोटात येते, म्हणजे वार्दार समजली की अख्खा देश बऱ्यापैकी समजला. खालचा तुकडा ग्रीसमध्ये, तिथं तिचं नाव अक्सिओस, आणि थेस्सालोनिकी शहराच्या पश्चिमेला ती एजियन समुद्राला मिळते.

आता आकार. नदीचं खोरं म्हटलं की आपल्या डोळ्यापुढे एक लांबलचक पन्हाळ येतं, वर अरुंद, खाली हळूहळू रुंद होत गेलेलं. वार्दारचं तसं नाही. ती माळेसारखी आहे, एक मणी, मग दोरा, परत मणी, परत दोरा. मणी म्हणजे डोंगरांनी चारी बाजूंनी वेढलेला सपाट खोलगट भाग, मोठ्या परातीसारखा, त्याला तिथले लोक कोटलिना म्हणतात. आणि दोरा म्हणजे दोन पराती जोडणारी अरुंद घळ, जिथं दोन्हीकडून कडे अंगावर येतात आणि मधून नदी कशीबशी वाट काढते, तिला ते क्लिसुरा म्हणतात. हे दोन शब्द लक्षात ठेवा, पुढं सारखे लागणार आहेत. उगमापासून निघालो तर पहिली परात पोलोग, गोस्तिवार आणि तेतोवो ही गावं तिच्यात. मग डेर्वेनची घळ. मग स्कोप्येची मोठी परात. मग ताओरची घळ, मग वेलेस, मग तिक्वेशची परात, मग डेमिर कापिया नावाची जबरदस्त घळ (तुर्कीत याचा अर्थ ‘लोखंडी दरवाजा’, आणि फोटो बघितला की नाव किती चपखल आहे ते कळतं), मग वालांदोवो-गेवगेलियाची परात, परत एक घळ, आणि मग एकदम ग्रीसचं मोकळं मैदान आणि समुद्र.

हे असं झालं कसं? शाळेत आपण टेथिस समुद्राबद्दल शिकलो होतो, भारताचा तुकडा उत्तरेला सरकत गेला, मधला टेथिस मिटला आणि हिमालय वर आला. तर त्याच टेथिसच्या जगातला एक फाटा आजच्या बाल्कनमध्येही होता आणि तोही असाच दोन भूभागांच्या मध्ये चिरडून मिटला, हिमालयाच्या कितीतरी आधी. त्याच्या तळाचे खडक अजून या पट्ट्यात डोंगरांमध्ये सापडतात, भूगर्भवाले या सगळ्या शिवणीला वार्दार पट्टाच म्हणतात. शिवण हा शब्द मला इथं फार बरोबर वाटतो, कारण कापड फाटतं ते बहुतेक वेळा शिवणीवरच. खूप नंतर जेव्हा इथली जमीन ताणली जायला लागली, दोन्हीकडून ओढल्यासारखी, तेव्हा ती याच कमकुवत जागी तडकली, काही तुकडे खाली बसले आणि शेजारचे वर राहिले. खाली बसलेले तुकडे म्हणजे आजच्या पराती. बराच काळ या परातींमध्ये तळी होती, एकेक स्वतंत्र. मग पाण्यानं मधले उंबरे झिजवत झिजवत कापले, घळी तयार झाल्या, तळी एकामागून एक रिकामी झाली आणि तळाचा गाळ मागं राहिला. आज तिथं शेतकरी जी सुपीक जमीन कसतो तो त्या जुन्या तळ्यांचा तळ आहे.

जमीन ताणली जाणं अजून थांबलेलं नाही. मार्च 1931 मध्ये वालांदोवोच्या बाजूला मोठा भूकंप झाला. आणि 26 जुलै 1963 ला पहाटे 5 वाजून 17 मिनिटांनी स्कोप्ये हादरलं, हजाराहून जास्त माणसं गेली, शहराचा बहुतेक भाग पडला किंवा राहण्यालायक उरला नाही. जुन्या रेल्वे स्टेशनच्या भिंतीवरचं घड्याळ 5:17 वर थांबलं, ती अर्धी पडलेली इमारत त्यांनी तशीच जपून ठेवलीय आणि घड्याळ अजून तीच वेळ दाखवतं. शीतयुद्धाचे दिवस असूनही दोन्ही गटांतल्या देशांनी मदत पाठवली आणि शहराच्या नव्या मध्यभागाचा आराखडा जपानच्या केन्झो टांगे यांनी केला. ज्या ताणामुळं नदीला बसायला परात मिळाली, शहराला सपाट जमीन मिळाली, त्याच ताणानं ते शहर पाडलं.

आता उगमाची गंमत सांगतो. वार्दार गोस्तिवारजवळ व्रुतोक गावी जमिनीतून उसळून वर येते, साधारण 680 मीटर उंचीवर. समुद्र दक्षिणेला. पण ही बाई निघते ती ईशान्येला, समुद्राकडे पाठ करून. पोलोगची परात तशी आहे म्हणून. शार पर्वताच्या कडेकडेनं वर जाते, मग डेर्वेनच्या घळीतून पूर्वेला वळते, स्कोप्ये ओलांडते आणि मग कुठं आग्नेयेला, दक्षिणेला लागते. पुढचा सगळा प्रवास समुद्राकडे.

आणि उगमाच्याच भागात माणसानं एक मोठा उद्योग केलाय जो आपल्याला लगेच कळेल. कोयनेचं पाणी निसर्गानं ठरवलं होतं कृष्णेतून बंगालच्या उपसागरात जायचं, आपण ते सह्याद्रीतून बोगद्यानं पश्चिमेला पोफळीकडे सोडलं, वीज केली आणि ते वाशिष्ठीतून अरबी समुद्राला गेलं. अगदी तेच तिथं. राडिका नदीच्या बाजूचं पाणी खरं तर एड्रियाटिक समुद्राचं, पण मावरोवोच्या धरणात ते अडवून, डोंगरातून खाली व्रुतोकच्या वीजघरात सोडतात, आणि ते वार्दारला मिळून एजियन समुद्राला जातं. धरणाच्या पाण्यात सेंट निकोलसचं एक जुनं दगडी चर्च बुडालंय, पाणी उतरलं की ते वर दिसतं, आपल्याकडे उजनीचं पाणी उतरलं की पळसदेवचं देऊळ दिसतं ना तसंच.

पाणी कुठल्या समुद्राला जाणार याचा या भागात एकूणच फार बारीक हिशोब आहे. वर कोसोवोमध्ये फेरिझाय गावाजवळ नेरोदिमका नावाची लहानशी नदी दोन फाट्यांत विभागते, एक फाटा लेपेनात्स नदीतून वार्दारला म्हणजे एजियन समुद्राला, दुसरा सिटनित्सा, इबार, मोरावा करत डॅन्यूबला म्हणजे काळ्या समुद्राला. एकाच नदीचं पाणी दोन समुद्रांना. असं व्हायला दोन खोऱ्यांच्या मधला पाणलोटाचा उंबरठा अगदी ठेंगणा असावा लागतो, आणि तो तसाच आहे, तिथंही आणि थोडं पूर्वेला प्रेशेवोजवळही, जिथं वार्दारचं आणि दक्षिण मोरावाचं खोरं जवळजवळ एकमेकांना चिकटतात. त्या जागेची उंची फक्त साडेचारशे-पावणेपाचशे मीटर. ही ठेंगणी जागा लक्षात ठेवा, कारण हवामानाची अर्धी गोष्ट तिथूनच सुरू होते.

बाल्कनचे डोंगर बहुतेक वायव्य-आग्नेय असे तिरके पडलेत. पश्चिमेचा एड्रियाटिक समुद्र स्कोप्येपासून सरळ रेषेत फार लांब नाही, पण मध्ये डोंगरांच्या रांगांवर रांगा, त्यामुळं त्या समुद्राची उबदार हवा इथं पोचतच नाही. सगळ्या भिंतींमध्ये उत्तर-दक्षिण असं एकच मोठं भोक, ते म्हणजे मोरावा आणि वार्दार या दोन नद्यांची एकापुढे एक लागलेली खोरी. म्हणजे घराला दोनच दारं. दक्षिणेचं दार एजियन समुद्राकडे उघडतं, उत्तरेचं दार प्रेशेवोच्या त्या ठेंगण्या उंबरठ्यावरून मध्य युरोपच्या थंड मैदानांकडे. कुठलं दार किती उघडं आहे आणि तुम्ही कुठल्या दाराजवळ राहता यावर तुमचं हवामान ठरतं.

दक्षिणेच्या दारातून ऊब येते. गेवगेलियापर्यंत ती अगदी सहज येते, म्हणून तिथं डाळिंब, अंजीर. पुढं डेमिर कापियाची घळ, तिथं दार एकदम अरुंद होतं, तिच्यातून तिक्वेशमध्ये पोचेपर्यंत ती हवा थोडी निवते, स्कोप्येपर्यंत तर समुद्राचा नुसता वास उरतो. जानेवारीत गेवगेलियाचं सरासरी तापमान तीन-चार अंश, स्कोप्येचं शून्य-एकच्या आसपास. ऐकायला फरक किरकोळ वाटतो, पण अंजिराच्या झाडासाठी तो जगण्यामरण्याचा आहे, कारण सरासरीत एवढा फरक असला की वाईटात वाईट रात्री तापमान दोन्हीकडे किती खाली जातं यात फार मोठं अंतर पडतं.

उत्तरेच्या दारातून वारा येतो. त्याचं नावच नदीवरून पडलंय, मॅसेडोनियात वार्दारेत्स, ग्रीसमध्ये वार्दारिस. कसं होतं ते सांगतो. थंडीत एखादी गार लाट जाऊन मागं मध्य आणि पूर्व युरोपवर जड, थंड हवा साचते, म्हणजे तिथं दाब जास्त. त्याच वेळी एजियन समुद्रावरची हवा उबदार, हलकी, म्हणजे तिथं दाब कमी. हवा जास्त दाबाकडून कमीकडे पळणार हे ठरलेलं, पण मध्ये बाल्कनची भिंत. मग ती जिथं फट सापडेल तिथून घुसते, आणि फट एकच. दोन उंच बिल्डिंगच्या मधल्या बोळात उभं राहिलं की बाहेर साधी झुळूक असली तरी तिथं साडीचा पदर, छत्री सगळं उडतं, कारण तेवढीच हवा कमी जागेतून जायची तर तिला वेग वाढवावाच लागतो. वार्दारेत्स म्हणजे दोनशे किलोमीटर लांबीचा बोळ. घळीत वेग वाढतो, परातीत थोडा पसरतो, परत घळीत वाढतो, आणि शेवटी ग्रीसच्या मैदानात सुटतो तो थेट थेस्सालोनिकीच्या बंदरावर. सुरू झाला की दोन-तीन दिवस राहतो, कधी जास्त, कोरडा आणि हाडं गोठवणारा, पण आकाश स्वच्छ निळं करून टाकणारा. थेस्सालोनिकीत एका चौकाला लोक अजून वार्दारिस चौकच म्हणतात, सरकारी नाव वेगळं असलं तरी.

उन्हाळा मात्र वेगळीच गोष्ट. युरोप म्हटलं की आपल्याला थंड वाटतं, पण 24 जुलै 2007 ला डेमिर कापियाला 45.7 अंश नोंदवलं गेलं, देशातला आजवरचा उच्चांक. चंद्रपूर-अकोल्याच्या लोकांना ओळखीचा वाटेल असा आकडा, आणि अक्षांश मात्र 41, म्हणजे श्रीनगरच्याही कितीतरी उत्तरेला. कारण परत आकार. गाव समुद्रसपाटीपासून जेमतेम शंभरेक मीटर वर, चारी बाजूंनी डोंगर, वारा पडलेला, उन्हाळ्यात आकाशात ढग नाही, पंधरा तासांचा दिवस, उघडे चुनखडीचे कडे तापतात आणि ती धग परातीतून बाहेर जायला वाट नाही. आणि याच वार्दारच्या पाणलोटात, ब्रेगाल्नित्सा या उपनदीच्या उगमाकडे डोंगरात, बेरोवो गाव आहे, तिथं 1954 च्या जानेवारीत उणे 31.5 पर्यंत तापमान गेलं होतं. एकाच नदीच्या पाणलोटात 77 अंशांचा फरक.

पावसाचं गणित आपल्यापेक्षा उलटं आहे, ते नीट समजून घ्यायला हवं. आपल्याकडे जून ते सप्टेंबर धो धो आणि बाकी कोरडं. तिथं जुलै-ऑगस्ट सगळ्यात कोरडे, कारण उन्हाळ्यात भूमध्य समुद्राच्या भागावर जास्त दाबाची हवा ठाण मांडून बसते, हवा वरून खाली दबते आणि ढग बनूच देत नाही. पाऊस येतो तो दोन वेळा, एकदा ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये आणि एकदा मेच्या सुमाराला. आणि किती पडतो हे तुम्ही डोंगराच्या कुठल्या बाजूला आहात यावर. पश्चिमेचे शार, कोराब, बिस्त्रा हे पर्वत, त्यातली काही शिखरं 2700 मीटरच्या वर, एड्रियाटिककडून येणारे ढग तिथंच रिकामे होतात, हजार मिलीमीटरच्या पुढं पाऊस आणि भरपूर बर्फ. मग ती हवा पलीकडे उतरते तेव्हा तिच्यात काही उरलेलं नसतं. महाबळेश्वर आणि माण-खटाव हे नातं आपल्याला सांगायला नको, तेच तिथं. वार्दारच्या पूर्वेला ओव्चे पोले नावाचा भाग आहे, शब्दशः मेंढ्यांचं माळरान, तिथं वर्षाला चारशे-पाचशे मिलीमीटर, बाल्कनमधल्या सगळ्यात कोरड्या जागांपैकी एक. फक्त एक फरक, तो पाऊस थंडीच्या मागंपुढं पडतो, ऊन कमी असतं, पाणी लगेच उडून जात नाही, म्हणून तेवढ्यावर तिथं गहू येतो.

त्यामुळं नदीचं पाणीही आपल्या उलट वागतं. बर्फ वितळायला लागला आणि वसंतातला पाऊस त्यात मिळाला की नदी भरून वाहते, आणि ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये, जेव्हा आपल्या नद्या दुथडी भरलेल्या असतात, तेव्हा वार्दार सगळ्यात बारीक. नेमकं तेव्हाच पिकांना पाणी हवं असतं. म्हणून उपनद्यांवर धरणं बांधली, त्स्र्ना नदीवर तिक्वेशचं, ब्रेगाल्नित्सावर कालिमान्ची, त्रेस्कावर कोझ्याक.

पूर येतो तो मात्र कधीही घात करतो. नोव्हेंबर 1962 मध्ये लागोपाठ पावसानं वार्दार स्कोप्येत शिरली, अर्धं शहर पाण्यात गेलं, त्यातून सावरतात तोवर आठ महिन्यांत तो भूकंप. आणि 6 ऑगस्ट 2016 च्या संध्याकाळी स्कोप्येजवळ काही तासांत 90 मिलीमीटरहून जास्त पाऊस पडला. मुंबईकर म्हणेल यात काय एवढं, पण जिथं अख्ख्या ऑगस्टमध्ये त्याहून कितीतरी कमी पडतो, जिथं उन्हानं भाजलेल्या डोंगरउतारावर पाणी मुरायला जागा नाही आणि खाली परातीत वस्ती, तिथं ते पाणी चिखल आणि दगड घेऊन थेट घरांवर आलं. 20 हून जास्त माणसं गेली. यात मुख्य नदीचा संबंधच नव्हता, वरच्या डोंगरातले एरवी कोरडे पडलेले ओहोळ होते. परातीत राहायचं तर नदीपेक्षा काठावरच्या उतारांकडे जास्त लक्ष ठेवायला लागतं हे त्या रात्री कळलं.

परातीचा आणखी एक त्रास, आणि स्कोप्येच्या लोकांना आज सगळ्यात जास्त भेडसावणारा. नेहमी वर गेलं की गार लागतं, बरोबर? हिवाळ्यात, वारा पडलेला असताना, स्कोप्येत हे उलटतं. रात्र लांब, आकाश मोकळं, जमीन आपली ऊब सोडून देते, तिला लागून असलेली हवा गार आणि जड होते, डोंगरउतारांवरची गार हवाही घरंगळत खाली येते आणि सगळी परातीच्या तळाशी साचते, दह्यासारखी थिजून. वर तिच्यापेक्षा उबदार हवेचा थर, झाकणासारखा. खालची हवा जड, ती वर जाऊच शकत नाही. आता या झाकणाखाली लाखो लोक लाकूड पेटवून घरं गरम करतात, गाड्या चालतात, कारखाने चालतात, तो सगळा धूर तिथंच. धुकं आणि धूर मिळून आठवडा आठवडा सूर्य दिसत नाही, आणि डिसेंबर-जानेवारीतल्या काही दिवशी स्कोप्येची हवा जगातल्या सगळ्यात वाईट शहरांच्या यादीत वर जाऊन बसते. शहराला लागूनच वोद्नो डोंगर आहे, 1066 मीटर, वर जायला रोपवे. अशा दिवशी लोक मुलंबाळं घेऊन वर जातात, झाकण ओलांडलं की लख्ख ऊन, खाली शहराच्या जागी पांढऱ्या धुक्याचा समुद्र. मुलांना श्वास घ्यायला डोंगरावर न्यायची वेळ येते याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण त्यातला आकार निसर्गाचा असला तरी धूर आपला, माणसांचा आहे. मग एक दिवस वार्दारेत्स सुटतो, झाकण उडवून देतो आणि शहर परत दिसायला लागतं. गोठवणाऱ्या वाऱ्याची लोक वाट बघतात ती अशी.

पण हीच परात उन्हाळ्यात सोनं पिकवते. तिक्वेश हा देशातला द्राक्षांचा सगळ्यात मोठा पट्टा, व्रानेत्स नावाचं काळंभोर द्राक्ष, त्याची गडद लाल वाईन, आणि तिथली सगळ्यात मोठी वायनरी 1885 पासूनची. द्राक्षाला काय हवं ते आपल्या नाशिक-सांगलीच्या बागायतदाराला विचारा: पिकताना पाऊस नको, ऊन भरपूर, पानं कोरडी म्हणजे रोग कमी. तिथं पिकायच्या महिन्यांत पाऊस आपोआपच नसतो. तेच लाल लांबट गोडसर मिरचीचं, जी आपल्या ढब्बू मिरचीची बहीण. सप्टेंबर उजाडला की गावागावांत, शहरातल्या बाल्कन्यांमध्येसुद्धा, या मिरच्या विस्तवावर भाजून, साल काढून, तेलात तासन् तास ढवळून आय्वार नावाची चटणी करतात, वर्षभराची. आपल्याकडे उन्हाळ्यात मसाले, पापड, कुरडया चालतात तसं हे घराघरातलं काम.

आणि भात! बाल्कनमध्ये भात म्हटल्यावर मी दोनदा तपासलं होतं. ब्रेगाल्नित्साच्या खोऱ्यात कोचानी नावाचं गाव आहे, तिथं खाचरं आहेत, आपल्यासारखी बांध घातलेली, पाणी भरलेली, शतकानुशतकांची. पाऊस तर नाही, मग पाणी कुठून? नदीतून आणि कालिमान्चीच्या धरणातून. भाताला पाऊस लागत नाही, भाताला पाणी आणि ऊब लागते, हा फरक आपण कोकणातले-मावळातले लोक विसरतो कारण आपल्याकडे दोन्ही एकदम येतात. कोचानीला आणखी एक देणगी, तिथं जमिनीतून साधारण 75 अंशांचं गरम पाणी निघतं. ते तडकलेल्या जमिनीचंच देणं, भेगांमधून पाणी खोल जातं आणि तापून वर येतं. त्यावर तिथं हिवाळ्यात काचेची हरितगृहं गरम ठेवतात.

सोपी वाट असली की सगळेच तिथून जातात. घळी अरुंद असल्या तरी डोंगर चढण्यापेक्षा बऱ्या, म्हणून बेलग्रेडकडून समुद्राकडे यायचं तर हाच रस्ता, हजारो वर्षं. त्स्र्ना आणि वार्दारच्या संगमावर स्तोबी नावाचं प्राचीन शहर होतं, त्याचे अवशेष आजही हायवेवरून दिसतात. 1873 ला थेस्सालोनिकीहून स्कोप्येपर्यंत रेल्वे आली ती याच घळींमधून, नंतरचा हायवेही तसाच. पहिल्या महायुद्धात 1915 ते 1918 या खोऱ्याच्या तोंडाशी आघाडी होती आणि दलदलीतल्या डासांमुळं मलेरियानं सैन्यं लढाईपेक्षा जास्त बेजार झाली. त्या आघाडीवर भारतीय माणसंही होती, थेस्सालोनिकीला मोनास्तिर रोडवर भारतीयांसाठीची स्वतंत्र स्मशानभूमी आजही राखलेली आहे. आणि 2015-16 मध्ये सीरिया, अफगाणिस्तान, इराकमधून आलेली लाखो माणसं ग्रीसमधून उत्तरेला निघाली ती रेल्वेच्या रुळांच्या कडेनं याच वाटेनं, गेवगेलियाच्या सीमेवर इडोमेनीला त्यांचे तंबू पडले होते, पावसात, चिखलात. गिधाडं आणि स्थलांतर करणारे पक्षीही हीच वाट धरतात, डेमिर कापियाच्या कड्यांवर गिधाडांची घरटी आहेत.

शेवटी नदी मैदानात येते आणि इथं तिनं केलेलं काम सगळ्यात मोठं आहे. सिकंदराचं जन्मगाव पेल्ला, त्याच्या काळात तिथपर्यंत पाण्यातून जहाजं यायची. आज पेल्ला समुद्रापासून 25-30 किलोमीटर आत, आजूबाजूला कापसाची आणि मक्याची शेतं. अक्सिओस आणि शेजारच्या आलियाक्मोननं आणलेल्या गाळानं अख्खी खाडी भरून काढली, मधे एक उथळ तळं उरलं होतं, यान्नित्साचं, तेही 1920-30 च्या दशकांत उपसून शेतीखाली आणलं, तेव्हा मलेरियाही गेला. नदीचा गाळ थेस्सालोनिकीच्या बंदराकडे सरकायला लागला तसं 1930 च्या दशकात नदीचं तोंडच पश्चिमेकडे वळवलं.

मुखाजवळची जमीन खारट होती, आपल्या कोकणातल्या खारभूमीसारखी. तिथं भात लावला, कारण खाचरात सतत गोडं पाणी उभं राहिलं की मीठ धुतलं जातं. आज ग्रीसमधला बहुतेक तांदूळ याच मैदानातून येतो, खाचरांच्या पलीकडे खाडीत दोऱ्यांवर शिंपल्या वाढवतात, आणि मधल्या चिखलात फ्लेमिंगो उभे असतात. कोचानीच्या खाचरांतून सुटलेलं पाणी ब्रेगाल्नित्सातून वार्दारला मिळून, पुढच्या दोन घळी ओलांडून, इथं परत एकदा भाताच्या मुळाशी येतं.